रिकामी बाबागाडी

मी एकदा शेजारणीचं बाळ उचलून घरी आणलं. चोरलं म्हणायला जीभ रेटत नाही, पण त्या सात-आठ मिनिटांसाठी दुसरा शब्दही मला आजवर सापडलेला नाही.

तेव्हा आम्ही कतारमध्ये, दोहाजवळच्या अल वक्राला एका कंपाउंडमध्ये राहत होतो. उंच भिंतीच्या आत एकसारखी वीसेक घरं, फाटकाशी वॉचमन, मधे हिरवळीचा एक हट्टी तुकडा. वर्ल्ड कपला तीन वर्षं होती आणि सगळं दोहा खणून ठेवलेलं होतं. नवरा एका स्टेडियमच्या एअर कंडिशनिंगचं काम बघायचा. पहाटे बाहेर पडायचा आणि संध्याकाळी आज कुठला रस्ता बंद झाला हे सांगत घरात शिरायचा. त्या काळात जगभरचे इंजिनियर तिथे गोळा झाले होते. त्यांच्यामागे त्यांच्या बायका आल्या, मुलं आली आणि मुलं वाढवायच्या त्यांच्या त्यांच्या रीतीही आल्या.

आमचा मुलगा दहा महिन्यांचा होता. जन्मला सातव्याच महिन्यात. बावीस दिवस काचेच्या पेटीत होता आणि मी पेटीशेजारच्या स्टुलावर. त्याच्या डोक्यापाशी एक पडदा होता, त्यावर त्याचा श्वास हिरव्या रेघेत धावायचा. रेघ अडखळली की मशीन ओरडायचं, नर्स यायची, त्याच्या तळपायाला टिचकी मारायची आणि रेघ पुन्हा चालू व्हायची. तेविसाव्या दिवशी तीच नर्स हसून म्हणाली, "खलास, आता घरी जा." बाळ दिलं, पडदा मात्र दिला नाही. मग तो पडदा मीच झाले. दर थोड्या वेळाने त्याच्या नाकाखाली बोट धरून बघायचं. सासूबाई होत्या तोवर पाळीपाळीने बोट धरत होतो. त्यांच्या व्हिसाचे तीन महिने संपले आणि त्या परत गेल्या, तेव्हापासून मी सलग दोन तास झोपलेले नव्हते. आणि मी नाकाशी सारखी बोटं नेत असल्यामुळे तोही झोपत नव्हता. हे मला आज दिसतं. तेव्हा मला एवढंच वाटायचं की मी आई म्हणून नापास आहे आणि निकाल लवकरच जाहीर होणार आहे.

सल्ल्यांना काही तोटा नव्हता. कोपऱ्यावरच्या घरात एक डच बाई होती. तिची मुलं बाहेर अजून उजेड असताना संध्याकाळी साडेसहाला अंथरुणात असायची आणि तिचा सहा वर्षांचा पोरगा गळ्यात किल्ली अडकवून फाटकाजवळच्या दुकानात एकटा ब्रेड आणायला जायचा. आणलेल्या ब्रेडवर लोणी आणि लोण्यावर चॉकलेटचा चुरा, हा त्यांचा नाश्ता. मी नाक मुरडलं होतं, पण पोरं सदा हसरी असायची, हेही खरं. ती म्हणाली, वेळापत्रक कर, शांतता ठेव, फार लक्ष देऊ नकोस. मी फ्रिजवर वेळापत्रक लावलं. मुलाने ते वाचलं नसावं.

समोरच्या इटालियन बाईचं म्हणणं अगदी उलटं. मूल कधी एकटं ठेवायचंच नाही. जिथे आपण, तिथे ते. तिची मुलं रात्री दहा वाजेपर्यंत मोठ्यांच्या पंगतीत जेवत बसायची आणि पेंगली की कुणाच्याही मांडीवर झोपायची. एका बाबतीत मात्र तिचं आणि माझं मेतकूट जमलं होतं. ती वाऱ्याला घाबरायची. मुलांच्या मानेला वारा लागला, पोटाला वारा लागला, ओल्या केसांनी बाहेर गेली, की आजारपण आलंच. एवढ्या लांबच्या देशात माझ्या आईसारखं बोलणारी बाई मिळाल्यावर मला भरून आलं होतं. आई फोनवर रोज विचारायची, कानटोपी घालतेस ना? मी घालायचे. आईने विणलेली, हनुवटीखाली बंद असलेली, पिवळी कानटोपी. दोहामध्ये.

आणि भिंतीला भिंत लागून डेन्मार्कची बाई. उंच, शांत, पायात लाकडी तळाच्या चपला. ती चालली की फरशीवर खटखट वाजायचं आणि ती घरात कुठे आहे हे मला माझ्या स्वयंपाकघरात कळायचं. तिचा मुलगा आठ महिन्यांचा. रोज दुपारी जेवण झालं की ती त्याला बाबागाडीत घालायची, गाडी ओट्यावर उभी करायची, वर जाळी टाकायची आणि दार लावून आत जायची. बाळ बाहेर, आई आत. दोन तास.

आपलं ठेवावं झाकून आणि दुसऱ्याचं पाहावं वाकून, या न्यायाने मी ते रोज खिडकीतून बघायचे. नवऱ्याला सांगायचे, बघ, कुत्र्यालासुद्धा कुणी असं बाहेर बांधत नाही. तो म्हणायचा, अगं, त्यांचं ते बघतील. पण ते बघत नव्हते, मीच बघत होते. ते बाळ दोन तास ढाराढूर झोपायचं, ही त्यातली सगळ्यात चीड आणणारी गोष्ट होती.

जानेवारीतल्या एका दुपारी वारा सुटला. तिकडचा हिवाळ्यातला वारा बेताचाच गार असतो, पण त्यात बारीक रेती असते आणि तो थांबायचं नाव घेत नाही. मी मुलाला कडेवर घेऊन खिडकीशी उभी होते. शेजारच्या गाडीवरची जाळी एका बाजूने उडाली. पांघरूण सरकलं आणि एक पाय बाहेर आला. पायात मोजा नव्हता. मी वाट पाहिली. खटखट ऐकू येईना. दहा मिनिटं गेली. तो पाय तसाच.

मी मुलाला चटईवर ठेवलं आणि गेले. तिचं दार एकदा वाजवलं, खरं तर टकटक केली न केली. मग वाकून नाकाखाली बोट धरलं. श्वास चालू होता. पाय मात्र गार. गाडीत त्याच्या उशाशी एक पांढरं डबडं होतं, ते मी खेळणं समजून बाजूला सारलं आणि बाळ उचललं. समोरच्या गॅलरीतून इटालियन बाईने पाहिलं आणि छातीवर हात ठेवून मान डोलावली. तेवढा पाठिंबा मला पुरला.

घरी आणून मी त्याचे पाय तळहातांनी चोळले, मुलाचे मोजे घातले, पिवळी कानटोपी घातली, बंद बांधले. तो माझ्या खांद्यावर पुन्हा झोपला. कितीतरी महिन्यांनी माझ्या खांद्यावर एखादं बाळ झोपत होतं. काय पुण्य केलं म्हणून मी स्वतःवर खूश होऊन येरझाऱ्या घालत होते, तेवढ्यात बाहेरून त्याच्या नावाची हाक आली. मग पुन्हा. मग पुन्हा. ती ओरडत नव्हती. घरात हरवलेल्या माणसाला मारावी तशी साधी हाक होती, फक्त ती थांबत नव्हती.

मी खिडकीतून बघितलं. ती गाडीपाशी अनवाणी उभी होती, केस ओले. पांघरुणाखाली हात घालून ती चाचपत होती, जणू बाळ लहान होऊन कुठल्या कोपऱ्यात सरकलं असेल. मग ती फाटकाकडे पळाली.

मी बाळाला घेऊन बाहेर आले. ती वळली, तिने आम्हाला पाहिलं. आणि चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात तसं मीच आधी बोलले. "तू त्याला बाहेर विसरली होतीस," मी म्हणाले.

तिने बाळ माझ्याकडून घेतलं आणि तिथेच ओट्याच्या पायरीवर बसली. कानटोपीत नाक खुपसून बसून राहिली. मग म्हणाली, "विसरले नव्हते. झोपवलं होतं." ते डबडं हातात घेऊन तिने मला दाखवलं. त्यातून बाळाचा आवाज घरातल्या जोडीच्या डबड्यात ऐकू जायचा. ती ते ऐकत ऐकत निर्धास्त आंघोळ करत होती, आणि मी उचलल्यावर त्यातून काहीच ऐकू येईना, म्हणजे बाळ शांत झोपलंय असं समजत होती.

संध्याकाळी नवऱ्याला सांगितलं तर त्याच्या तोंडचं पाणी पळालं. तो म्हणाला, पोलिसांत गेली असती तर काय झालं असतं कळतंय का तुला, परक्या देशात आपण दुसऱ्याचं मूल न विचारता उचललंय. नोकरी, व्हिसा, सगळं. खरं तर याच्या आधीच मला कळलं होतं, तिचा हात पांघरुणाखाली फिरताना बघितला तेव्हाच. दुसऱ्या दिवशी दोघांनी जाऊन माफी मागायची असं ठरलं. मी मनातल्या मनात इंग्रजी वाक्यं जुळवत होते. कुठलंच पुरेसं वाटेना.

पण सकाळी तीच आली. आधी खटखट ऐकू आली, मग बेल. मला वाटलं, आता आलं. तिच्या हातात कानटोपी होती, धुऊन वाळवून घडी केलेली. मी सॉरी म्हणायला तोंड उघडलं, तर तिने माझ्या चेहऱ्याकडे बघत विचारलं, "तू शेवटची नीट कधी झोपलीस?"

मी दारातच रडायला लागले. अगदी लहान मुलासारखी. माफी राहिली बाजूला, मी तिला पेटी सांगितली, हिरवी रेघ सांगितली, बोट कसं धरते ते करून दाखवलं. तिने मधे एकही सल्ला दिला नाही. शेवटी एवढंच म्हणाली की तिच्याकडे सगळेच बाळांना बाहेर झोपवतात, बर्फातसुद्धा, तिला तिच्या आईने झोपवलं होतं आणि आईला आजीने. मोकळ्या हवेत मूल छान झोपतं, आणि ते झोपलं की आईही जरा माणसात येते. मग म्हणाली, "तुझी गाडी माझ्या गाडीशेजारी लाव. मी बसते." आणि जाताना अर्धवट हसत एक नियम केला. कुणीही बाळ उचललं तर आपली एक चप्पल गाडीत ठेवायची.

पहिल्या दिवशी मी गाडीला चिकटून उभी राहिले आणि पंचवीस वेळा नाकाखाली बोट धरलं. मुलगा अर्थातच जागा. ती शेजारी खुर्चीत विणत बसली होती, बघून न बघितल्यासारखं करत. तिसऱ्या दिवशी मी खुर्चीपर्यंत मागे आले. आठवड्याने दारापर्यंत. मुलगा आधी वीस मिनिटं झोपला, मग चाळीस, मग एक दिवस तास. इटालियन बाईने आम्हा दोघींना वेड लागलंय असं जाहीर केलं आणि माझ्या मुलाच्या पोटाला वारा लागू नये म्हणून एक लोकरी बंडी आणून दिली. मी ती घातली. कानटोपीही घातली. डेन्मार्कच्या बाईने दोन्हीला हरकत घेतली नाही. इतकंच काय, वारा असला की तिच्या बाळाच्या डोक्यावरही आता टोपी दिसायची, तिने स्वतः विणलेली, निळी. हनुवटीखालचे बंद मात्र आपल्यासारखे.

फेब्रुवारी संपताना एका दुपारी ती म्हणाली, आज तू आत जा आणि आडवी हो, ऐकायचं डबडं माझ्याकडे राहू दे. मी म्हटलं, झोप काही येणार नाही, नुसती पडते. पडले. डोळे उघडले तेव्हा भिंतीवरचं ऊन पलीकडच्या भिंतीवर गेलं होतं. मी उठले, कुठे आहे तेच कळेना. मग आठवलं आणि धावत बाहेर आले.

ओट्यावर दोन गाड्या होत्या आणि कुणीही नव्हतं. माझ्या मुलाच्या गाडीतलं पांघरूण सपाट होतं. मी पांघरुणाखाली हात घातला, काहीच नाही, आणखी खाली घातला, कोपऱ्यात चाचपलं. आणि तसं करत असतानाच मला कळलं की मी तिच्यासारखीच उभी आहे, तसाच हात फिरवतेय. हाताला काहीतरी टणक लागलं.

लाकडी तळाची चप्पल. बेचाळीस नंबरची, पायथ्याशी नीट ठेवलेली.

शेजारच्या घरातून मुलाच्या हसण्याचा आवाज येत होता आणि एकाच पायाची खटखट. माझा जीव भांड्यात पडला. मी ती चप्पल हातात धरून उभी राहिले आणि त्या जानेवारीतल्या दुपारचा विचार केला. तिने चाचपलं तेव्हा तिच्या हाताला काहीच लागलं नव्हतं. पुढच्या दीड महिन्यात तिने ते मला एकदाही बोलून दाखवलं नव्हतं, आणि आज माझं बाळ उचलताना नियम मात्र विसरली नव्हती.

जाऊन त्याला घेऊन यावं असं मनात आलं. हसतोय म्हणजे श्वास चालू आहे. मी चप्पल होती तिथे परत ठेवली, आत गेले आणि पुन्हा झोपले.