उर्दूस्थ जास्वंद

"पहिले बैठक बघा. माणूस मागून बघा."

शाळेत कुणी नवा पाहुणा आला की साब माझ्या कानाशी लागून हे म्हणत, आणि त्या पाहुण्याकडं अशा नजरेनं बघत की आता त्याला देठापासून उभा चिरणार. पाहुणा बिचारा टोपी नीट करी. त्याला काय ठाऊक, की साबांनी आजवर फुलांखेरीज काहीच चिरलेलं नव्हतं.

निजामाचं राज्य जाऊन सात-आठ वर्षं झाली होती. आम्ही नुकतेच हैदराबाद सोडून मुंबई राज्यात दाखल झालो होतो, म्हणजे आम्ही होतो तिथंच होतो, फक्त साहेब बदलले होते. अणदूरच्या पुढं एका गावात आमची शाळा. मी मराठी आणि संस्कृत शिकवी, साब विज्ञान. माणूस अस्सल मराठी, आडनाव देशस्थी. पण शिक्षण सगळं हैदराबादेत, उर्दूतून. त्यामुळं गाव त्यांना मास्तर न म्हणता साब म्हणे. मी तुळजापूरच्या पुजाऱ्याच्या घरातला, जोडाक्षरं आईच्या दुधाबरोबर प्यालेला. म्हणून ते मला शास्त्रीबुवा म्हणत. त्यात आदर किती आणि टोला किती, हे मी कधी मोजलं नाही.

बैठकीचं त्यांचं शास्त्र फुलातून आलेलं होतं. फुलाच्या पोटात जिथं बी धरतं, त्या पिशवीला ते बैजादान म्हणत. "हा फुलातला मालक," ते सांगत. "बाकी पाकळ्या, केसर, सगळी नोकर मंडळी. आता बघायचं एवढंच, की नोकर मालकाच्या कुठं बसलेत." जास्वंदीत, वांग्यात, धोतऱ्यात मालक वर आणि मंडळी त्याच्या पायाशी. गुलाबात मालक वाटीच्या तळाशी आणि मंडळी वाटीच्या काठावर, आडाच्या काठावर बसून आत डोकावल्यासारखी. आणि पेरूत, डाळिंबात, काकडीत मालक खाली दबलेला, सगळी मंडळी थेट डोक्यावर.

"आपले हेडमास्तर कोणत्या जातीचे?" मी विचारी.

"पेरू," साब ताबडतोब सांगत. "शाळा कमिटी डोक्यावर. अगदी टोपीसकट."

हेडमास्तर कमिटीच्या पाटलांसमोर कसे उभे राहत, हे तुम्ही पाहिलं असतं तर तुम्हीही दुसरं फळ सुचवलं नसतं.

साबांच्या तासाला वर्गात फुलांचा आणि भाज्यांचा बाजार भरे. ब्लेडचा अर्धा तुकडा घेऊन पोरं जास्वंद उभी कापत, आणि आतला हिरवा मालक बघून अशी ओरडत की शेजारी माझ्या वर्गातलं सुभाषित ऐकू येत नसे. मी तक्रार केली. साब म्हणाले, "अजी शास्त्रीबुवा, तुमचं सुभाषित हजार वर्षं टिकलंय. आणखी एक तास थांबेल. फूल दुपारपर्यंत कोमेजतं."

मग सरकारचा हुकूम आला. विज्ञान यापुढं शुद्ध मराठीतून शिकवावं. तपासनीस साहेब येतील, तास बघतील, आणि शेरा बरा पडला तरच उर्दूतून शिकलेला मास्तर नोकरीत कायम होईल. हुकुमाबरोबर नव्या शब्दांची यादी होती. कुण्या विद्वानांनी बंद खोलीत बसून ती केली असावी, कारण खिडकी उघडी असती तर एखादं फूल नजरेस पडलं असतं. बैजादान झालं किंजपुट. "हे कोणत्या किल्ल्याचं नाव?" साबांनी मला विचारलं. मालक वर असला तर किंजपुट ऊर्ध्वस्थ. मालक खाली असला तर अधःस्थ.

साबांनी यादी घडी घालून खिशात ठेवली आणि त्या दिवशी पहिल्यांदाच मला घाबरलेले दिसले. "शास्त्रीबुवा, मला शिकवता का? ही नोकरी गेली तर कुठंतरी कारकुनी मिळेल, ती जगायला पुरेल. पण तिथं वर्ग नसतो हो."

मी मोठ्या औदार्यानं होकार दिला. शाळा सुटली की लिंबाखाली आमची शिकवणी चाले. किंजपुट आलं, केसराचं पुंकेसर आलं, फुलाच्या हिरव्या टोपीचं निदलपुंज आलं. ऊर्ध्वस्थ काही येईना. त्यांच्या जिभेला ते वळणच नव्हतं. ऊर म्हटलं की पुढं आपोआप दू येई.

"उर्दूस्थ," साब म्हणाले. "असंच ना?"

इथं मी माझं कर्तव्य करायला हवं होतं. मी काय केलं ते सांगतो. मी मान डोलावली. म्हणालो, "वा साब! अगदी असंच." आणि दुसऱ्या दिवशी शिक्षकांच्या खोलीत नक्कल करून सगळ्यांना हसवलं. इतका सुंदर विनोद आयता चालत आलेला, तो दुरुस्त करून वाया घालवायचा? तेव्हा मी तरुण होतो, आणि स्वतःला फार विनोदी समजत असे. दुसरी सवय अजून गेलेली नाही.

तपासनीस आले. पांढरं धोतर, काळा कोट, आणि प्रत्येक वाक्याच्या शेवटी पूर्णविराम ऐकू येईल असं बोलणं. हेडमास्तर मागून, पाटील त्यांच्याही मागून, आणि दारात मी, तमाशा बघायला.

"जास्वंदीच्या किंजपुटाची स्थिती कोणती?" साहेबांनी विचारलं.

चाळीस पोरं एका सुरात ओरडली, "उर्दूस्थ!"

"काय?"

साहेबांना ऐकू आलं नाही असं समजून पोरांनी छप्पर हलवलं. "उर्दू-स्थ!"

साहेबांचा चेहरा लाल झाला. "राज्य गेलं, निजाम गेला, आणि इथं फुलं अजून उर्दूत? आणि पेरू?"

"अधस्थ!"

"अस्सं. म्हणजे पेरू मराठी झाला, जास्वंद तेवढी राहिली!"

साबांना कळेचना काय चुकलं. त्यांनी हात जोडून विचारलं, "साहेब, तुम्ही पेरू खाता तेव्हा त्याची वाळकी टोपी कुठल्या टोकाला असते?"

"मी पेरू खात नाही. सर्दी होते."

पहिल्या ओळीत गुरवाची मुलगी बसायची, देवाला फुलं घालणाऱ्या घरातली. ती न विचारताच उभी राहिली. "सायेब, वांग्याची टोपी देठाला असती, पेरूची बुडाला. म्हून वांग्यात मालक वर आन् पेरूत खाली. फूल कापायबी लागत न्हाय, नुस्तं फळ बगितलं तरी कळतंय."

तिनं जे सांगितलं ते साहेबांना, हेडमास्तरांना आणि मला, तिघांनाही ठाऊक नव्हतं. रोज वांगी खाऊनही.

"शुद्ध बोल," साहेब म्हणाले. "बैस."

साबांनी माझ्याकडं पाहिलं. मी एक वाक्य बोललो असतो तरी पुरलं असतं. साहेब, ही उच्चाराची चूक आहे आणि ती मी शिकवली आहे. वाक्य व्याकरणशुद्ध होतं, जोडाक्षरांसकट जिभेवर तयार होतं. पण ते बोललो असतो तर माझा शेरा बिघडला असता. मी छताकडं पाहिलं. छत ठीक होतं.

महिन्याभरात निकाल आला. विषयज्ञान चांगलं, भाषा सदोष. साबांची बदली उस्मानाबादच्या कचेरीत, दप्तरखान्यात. निजामाच्या काळची जमिनीची सगळी कागदपत्रं उर्दूत होती आणि ती वाचणारा माणूस सरकार दिवसाढवळ्या कंदील घेऊन शोधत होतं. शाळेत जो रोग ठरला तोच कचेरीत औषध झाला. आणि विज्ञानाचा तास, उच्चार निर्दोष असल्यामुळं, मला मिळाला. हो, मला. फुलाचं तोंड कुठलं नि बूड कुठलं हे ज्याला गुरवाच्या मुलीनं सांगितलं, त्याला.

तीन वर्षांनी एका उताऱ्याच्या कामासाठी मी कचेरीत गेलो. साब लाल फडक्यांच्या गठ्ठ्यांमागं बसले होते. मला बघून इतके खुश झाले की मला बरं वाटलं नाही. चहा मागवला. गावातल्या एकेकाची विचारपूस केली. मग हळूच म्हणाले, "वर्ग कसा आहे? पोरं फुलं कापतात?"

"कापतात की," मी म्हणालो.

"बोटं दाखवा."

मी हात पुढं केले. त्यांनी माझी बोटं उलटीसुलटी करून बघितली. खडूची पूड होती. पराग नव्हता, चीक नव्हता, ब्लेडचा एक ओरखडा नव्हता. मग माझे हात नीट परत टेबलावर ठेवले.

मला राहवलं नाही. "साब, तो शब्द चुकतोय हे मला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. मी मुद्दाम सांगितलं नाही."

"व्हय," साब म्हणाले. "नक्कल करत होता तुम्ही. मी दारातच उभा होतो."

"मग बोलला का नाहीत?"

"शब्द चुकतोय हे नव्हतं कळलं. वाटलं, माझ्या बोलण्याच्या ढबीला हसताय. हसू देत म्हटलं. शिकवणारे तुम्ही एकटेच होता."

शेजारचा कारकून कान टवकारून ऐकत होता. साबांनी समोरचं बाड बाजूला सारलं, खुर्ची जवळ ओढली, आणि पाटी पुढं करावी तसा चेहरा करून म्हणाले, "आता सांगा. नीट सांगा."

"ऊर्," मी म्हणालो. "इथं थांबायचं. मग ध्व. जीभ दाताला."

"उर्दू..."

"नाही साब. ध्व."

"ऊर्... ध..."

कारकून फिस्सकन हसला. मी त्याच्याकडं असं पाहिलं की तो उठून पाणी प्यायला गेला. पाचव्यांदा नाही आलं, सहाव्यांदा नाही आलं. चहा गार झाला. कितव्यांदा ते ठाऊक नाही, पण साबांनी डोळे मिटले आणि सावकाश, एकेक अक्षर सुटं करून, तो शब्द अख्खा बरोबर म्हटला.

"असंच ना?" त्यांनी डोळे उघडून विचारलं.

"असंच," मी म्हणालो. ऐकायला खोलीत तिसरं कुणी नव्हतं.