वन्संची मळई

आमच्या वन्सं म्हणजे माझी नणंद. बोलणं सपाट आणि हात लावाल तर पोळेल असा स्वभाव. सगळी गल्ली त्यांना इस्त्रीबाई म्हणते, पण पाठीमागे. तोंडावर म्हणायची छाती अजून कुणाची झालेली नाही. मी लग्न होऊन या घरात आले त्याच्या आदल्या वर्षी त्या नवऱ्याचं घर सोडून परत आल्या होत्या. येताना दोनच गोष्टी आणल्या, एक पत्र्याची पेटी आणि एक राग. पेटी कधीच गंजून गेली. राग अजून ठणठणीत आहे, आणि हे लिहिताना त्यातला निम्मा माझ्या अंगात आलाय.

आमचं घर नदीच्या वळणावर. घर सासऱ्यांचं, त्यांच्यामागे ह्यांच्या नावावर झालं. हे म्हणजे माझे यजमान, वन्संचे थोरले भाऊ. काठासकट सगळं ह्यांच्या नावावर, आणि वन्संच्या वाट्याला काय, तर मागची खोली. तीही 'राहा हवं तेवढे दिवस' असं म्हणून दिलेली. माणसाला आपल्या बापाच्या घरात पाहुणं करायचं तर हे एक वाक्य पुरतं.

त्या खोलीत वन्संनी धुलाईचं काम सुरू केलं. इस्पितळाच्या चादरी, लॉजचे पडदे, खानावळीचे टेबलावरचे कपडे. आधी हाताने, मग पिळायचं यंत्र घेतलं. त्या यंत्राने उजव्या हाताच्या एका बोटाचं पेर खाल्लं. दुसऱ्या दिवशी बोटाला फडकं बांधून वन्सं कामाला उभ्या. इस्पितळवाले म्हणाले, अहो, विश्रांती घ्या. ह्या म्हणाल्या, "चादरी तुमच्या आहेत, बोट माझं आहे. तुम्ही चादरींची काळजी करा."

धुणं झालं, पण वाळवायचं कुठे? अंगणात ह्यांची फुलझाडं. घराच्या मागे नदी. आमच्या बाजूला वळणाचं पोट आहे, तिथे पाणी संथ होतं आणि पूर ओसरला की थोडा गाळ ठेवून जातं. अशा जागेला मळई म्हणतात. पण नुसत्या गाळावर चादर पसरली तर ती चादर राहते का? पायपुसणं होतं. म्हणून वन्संनी हरळी लावली. रस्त्याकडेच्या चरातून ओल्या गोणपाटात हरळीच्या दोऱ्या आणायच्या, विळीवर त्यांचे वीतभर तुकडे करायचे, आणि गाळ जरा घट्ट झाला की अंगठ्याने एकेक तुकडा आत दाबायचा. पुढच्या पुरात ते गवत गाळ धरून ठेवायचं. गाळाखालून पुन्हा डोकं वर काढायचं. मग पाण्याच्या कडेला आणखी एक पट्टा. दर वर्षी हेच. कंबर मोडेपर्यंत वाकून.

माझी थोरली चालायला लागली तेव्हा ती जागा एका खाटेएवढी होती. थोरलीला मुलगी झाली तेव्हा तिथे अख्ख्या इस्पितळाच्या चादरी एकदम पसरायच्या. हिरव्यावर पांढरं, लांबून बघावं तर बगळे बसल्यासारखं. गवतावर वाळलेल्या चादरीला जो पांढरेपणा येतो तो दोरीवर येत नाही, हे वन्सं सगळ्या जगाला सांगायच्या.

आता पुढचं लिहिताना माझी लेखणी कागद फाडेल बहुतेक.

मोठा पूर येऊन गेला त्या वर्षीची गोष्ट. चिखल सुकल्यावर हे एक दिवस कमरेवर हात ठेवून मळईवर उभे राहिले. आयुष्यात पहिल्यांदाच तिकडे गेलेले. म्हणाले, "आपली जागा चांगली वाढली की गं! इथे एक शेड काढू, भाड्याने जाईल."

वन्संच्या हातात हरळीची गोणी होती. ती खाली न ठेवता त्या म्हणाल्या, "आपली कुठली, दादा? ही नदीने मला दिलीय. पुराच्या रात्री एका झटक्यात आणून टाकली. सकाळी दार उघडलं तर अंगण तयार!"

"असं कसं होईल?"

"मला काय विचारतोस? नदीला विचार."

हे नदीशी काय भांडणार! आले तसे घरात परतले. आणि वन्संना हत्यार सापडलं. माझ्या हाताने केली म्हटलं तर भाऊ म्हणणार, माझ्या काठाला केलीस म्हणजे माझी. नदीने दिली म्हटलं की सगळ्यांची तोंडं बंद. मग त्या ती गोष्ट जो भेटेल त्याला सांगू लागल्या. सांगायच्या तरी काय छान! पाण्याचा घूं घूं आवाज काढायच्या, काठ कोसळल्याचा धबाक्‌ करायच्या. पडदे द्यायला आलेली माणसं गोष्ट ऐकायला बसायची. कोपऱ्यावरच्या शिंप्याने तर पदरचं घालून सांगायला सुरुवात केली, की जमीन वाहत आली तेव्हा तिच्यावर एक झाड आणि झाडावर दोन कोंबड्या होत्या.

मला खरं माहीत होतं. त्यांच्या अंगठ्याच्या नखातला गाळ मी रोज बघायची. पण मीही हसून मान डोलवायची, कारण ह्यांचं तोंड बंद झालेलं मला आवडायचं.

पलीकडच्या काठावर एका बंगलेवाल्याने सुट्टीत राहायच्या खोल्या बांधल्या होत्या. त्या पुरात त्याचा काठ खरोखरच ढासळला होता. कोंबड्यांची गोष्ट फिरत फिरत त्याच्या कानावर गेली आणि त्याने वकील पाठवला. गुळगुळीत दाढीचा, बोलताना दर वाक्याला हसणारा वकील. हसत हसतच म्हणाला, "बाई, याला आमच्याकडे ॲव्हल्जन म्हणतात. नदीने एकाची जमीन अचानक तोडून दुसऱ्याच्या काठाला लावली, तरी ती मूळ मालकाचीच राहते. तुम्हीच तर म्हणता, एका रात्रीत आली. म्हणजे आमच्या अशिलाची."

संध्याकाळी माझी नात आली, थोरलीची मुलगी. इस्पितळात नर्स आहे. तिला शब्द सांगितला तर ती म्हणाली, "आजी, हा तर आमचा शब्द! बोट नाहीतर नख मुळापासून उपटून निघालं की आम्ही ॲव्हल्जन लिहितो. आणि कॉलेजात भूगोलाच्या बाई सांगायच्या, नदी जुनी वाट सोडून एकदम नवीन वाटेने जाते त्यालाही तेच म्हणतात."

वन्संनी अर्धं बोट वर केलं. "म्हणजे माझ्या बोटालाही तोच शब्द? मग त्या हसऱ्याला विचार, यंत्राने तोडलेलं पेर अजून माझंच आहे ना? आणून दे म्हणावं."

आम्ही तिघी खूप हसलो. पण मला त्या शब्दाचा फार संताप आला. नदीचं असो, कायद्याचं असो, अंगाचं असो, सगळीकडे तो तोडण्याचंच बोलतो. रोज वाकून अंगठ्याने दाबलं, त्याला शब्द कुठाय?

शब्द होता. तो आमच्या वकिलाने सांगितला. ह्यांनीच गाठलेला वकील, कारण आता ह्यांनाही मळईत रस आला होता. तो म्हणाला, "काही घाबरू नका. जमीन हळूहळू, थराथराने गाळ साचून वाढली असं दाखवायचं. त्याला ॲक्रीशन म्हणतात, आणि तशी जमीन त्या काठाला जोडली जाते. म्हणजे आपलीच."

वन्संनी विचारलं, "आपली म्हणजे?"

"ज्यांच्या नावावर काठ आहे त्यांची." आणि त्याने ह्यांच्याकडे बोट केलं.

ह्यांनी मान खाली घातली नाही. ते मी बघितलं, आणि मरेपर्यंत विसरणार नाही. उलट चहाचा कप वकिलापुढे सरकवला.

एकदम आली म्हणावं तर बंगलेवाल्याची. हळूहळू आली म्हणावं तर भावाची. जिने केली तिची म्हणायला एकही वाट नाही. वन्सं उठल्या आणि पडदे पिळायला गेल्या. त्या दिवशी यंत्र नुसतं करकरत होतं.

पाहणीला जमिनीच्या खात्यातल्या साहेबबाई आल्या. मळईवर खुर्च्या मांडल्या. एकेकाला विचारलं. शिंपी म्हणाला, "हो, एका रात्रीत. पूर गेल्यापासून ऐकतोय." लॉजवाला म्हणाला, एका रात्रीत. इस्पितळाचा चादरी मोजणारा म्हणाला, एका रात्रीत. कुणीही खोटं बोलत नव्हतं. सगळे वन्संचंच बोलणं वन्संच्या अंगावर टाकत होते. मी पुढे होऊन म्हटलं, "मी डोळ्यांनी बघितलंय, यांनी हरळी लावून..." तर हसरा वकील म्हणाला, "तुम्ही काठाच्या मालकाच्या बायको. तुम्ही असंच बोलणार."

मग त्याने वन्संना विचारलं, "बाई, नदीने जमीन दिली असं तुम्हीच सांगत होता ना?"

वन्संनी पदराला हात पुसले. त्या काय विचार करत होत्या ते मला कळत होतं. हो म्हटलं तर परका घेईल. नाही म्हटलं तर भाऊ घेईल. परक्याने घेतलेलं निदान कमी झोंबतं. मला वाटलं, आता हो म्हणणार.

पण त्या माणसाला गप्प बसता येईना. साहेबबाईंकडे वळून, हसून म्हणाला, "यांचं नुकसान तरी काय आहे? इतकी वर्षं आयत्या जमिनीवर कपडे वाळत घातले."

"आयत्या?"

ती आरोळी आमच्या पलीकडच्या घरांपर्यंत गेली असेल. वन्सं उभ्या राहिल्या. "आयत्या म्हणालास? ये इकडे. वाक. वाकून बघ किती वेळ टिकतोस ते! नदीने मला चिखल दिला रे, नुसता चिखल! जमीन मी केली. हे बोट तुटलं त्या वर्षीही केली. कोंबड्या-बिंबड्या सगळ्या खोट्या. झटक्यात काही आलं नाही. बाई, खणून बघा."

साहेबबाईंनी माणसाला खणायला सांगितलं. खड्ड्याच्या भिंतीत गाळाचा पट्टा, मग मुळ्यांची काळी रेघ, पुन्हा गाळ, पुन्हा मुळ्या, अशा घड्या घातलेल्या. जणू खाली कपाटात वन्संच्याच चादरी रचून ठेवल्या होत्या. साहेबबाई बराच वेळ तिथे वाकून होत्या. हसरा वकील तेवढ्यापुरता हसायचा थांबला.

निकाल लागला. मळई हळूहळू झालेली, काठाला जोडलेली, काठाच्या मालकाची. म्हणजे ह्यांची.

आठवडा गेला नाही तोच बंगलेवाला पुढच्या दाराने आला. हे म्हणाले, "या, या, बसा." पाहणीच्या दिवशी एकमेकांची तोंडं न बघणारी माणसं आमच्या बैठकीत मांडीला मांडी लावून बसली. त्याला नदीकाठी छत्र्या आणि खुर्च्या टाकायच्या होत्या. मला चहा सांगितला. मी म्हटलं, दूध नासलंय. ह्यांनी डोळे वटारले. मी म्हटलं, "घरातलं बरंच काही नासलंय, दूध त्यातलं एक."

मागे वन्सं खुरपं आणि गोणपाट घेऊन मळईवर बसलेल्या. पाण्याच्या कडेपासून हरळी उपटत होत्या. पाहुणा गेल्यावर हे धावत गेले. "अगं, वेड लागलं का? काय करतेस?"

"दादा, जमीन तुझी. तसं लिहून आलंय. पण त्यात हरळीचं नाव नाही. ती मी आणली, मी लावली. माझं मी नेते."

"गवत गेलं तर जमीन राहील का?"

"ते आता जमिनीच्या मालकाने बघायचं."

हे माझ्याकडे वळले. "तू तरी सांग तिला काही."

मी पदर खोचला, स्वयंपाकघरातून दुसरं खुरपं आणलं आणि वन्संच्या शेजारी बसले. किती खोल मुळ्या होत्या! ओढताना जमीन ओरडल्यासारखा आवाज यायचा. वन्संच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि तोंडातून शिव्या. दोन्ही एका वेळी, काही न चुकता. कित्येक दिवस आम्ही तेच केलं. बंगलेवाल्याने उघडा चिखल बघितला आणि पावसाळ्यानंतर बोलू म्हणाला.

पावसाळ्यानंतर बोलायला काही उरलं नाही. पाणी आलं आणि मळई घेऊन गेलं, या वेळेस खरंच एका रात्रीत, धबाक्‌. हे सकाळी दार उघडून उभेच राहिले. मी म्हटलं, "काळजी कसली करता? वकिलाचा शब्द आठवा. अचानक तुटली तरी जमीन मूळ मालकाचीच राहते. तुमचीच आहे ती. खाली कुठेतरी लागली असेल, जाऊन बघून या."

दोन दिवस हे माझ्याशी बोलले नाहीत. बरं वाटलं.

पण चादरी तर वाळायला हव्यात. इस्पितळ काही थांबत नाही. मी ह्यांची फुलझाडं कापली, अंगणात खांब रोवले आणि फाटकापासून दारापर्यंत दोऱ्या बांधल्या. खाली रस्त्याकडेच्या चराशेजारी वन्सं ओल्या गोणीत जपलेली हरळी लावतायत, ती धरेल तेव्हा धरेल. तोवर दोऱ्या. त्या मी मुद्दाम खाली बांधल्यात, वन्संच्या खांद्याला येतील अशा. हे उंच आहेत. घरात शिरायचं तर ह्यांना रोज ओल्या चादरींखालून वाकून यावं लागतं, आणि वाऱ्याच्या दिवशी एखादी चादर फट्‌ करून तोंडावर बसते.

काल हे ओरडले, "जरा वर बांधायला काय होतं तुम्हाला?"

आतून वन्संचा आवाज आला, "वाकायची सवय कर, दादा. मला आहे."