गळ्यात अडकवलेला रिमोट

अन्याय माझ्या थोरल्या भावावर झाला. लातूरच्या एका खासगी होस्टेलवर, तो बारावीत असताना, दिवाळीच्या सुट्टीनंतरच्या पहिल्या सोमवारी, सकाळी नाष्ट्याच्या रांगेत. रेक्टरनं व्हिडिओ गेमच्या रिमोटची वायर त्याच्या गळ्यात घातली आणि सगळी पोरं पोहे घेऊन पुढं सरकेपर्यंत त्याला भिंतीशी उभं केलं. मग रिमोट जप्त केला.

त्या रिमोटला काही जोडलेलं नव्हतं. कन्सोल नांदेडला, आमच्या टीव्हीखाली. दादानं दोनपैकी आपला एक रिमोट तेवढा नेला होता. उशीखाली धरून बटणं दाबली की झोप लागते, असं त्यानं देगलूरच्या रूममेटला सांगितलं होतं. हे सगळं मला त्या रूममेटनंच कळवलं. होस्टेलवरून फोन आला तेव्हा पप्पा एवढंच म्हणाले, "बरं केलं सर. शिस्त लागंल."

शिस्त म्हणे.

कन्सोल मामानं हैदराबादहून जुना आणलेला. सोबत एकच सीडी, अमेरिकन फुटबॉलची. तीसुद्धा खऱ्या खेळाची नाही, नुसत्या दंग्याची. सात-सात गडी, शिट्टीनंतरही उचलून आपटलं तरी पंच बघत नाही, आणि लागोपाठ चेंडू झेलले की गड्याच्या अंगाला आग लागते. नियम कुणाला ठाऊक? आम्हाला कबड्डी येत होती, तीच लावली. चेंडू घेऊन पळणं ही चढाई, पाडणं ही पकड, आणि पुढची रेघ गाठायला ज्या चार संधी मिळतात ते चार दम. चौथ्या दमाला शहाणी माणसं चेंडू लाथेनं लांब उडवून समोरच्याला देऊन टाकतात, हे मला फार उशिरा, मोबाइलवर खरी मॅच बघताना कळलं. दादा कधीच देत नव्हता. चौथ्या दमालाही पळायचा आणि बहुतेक वेळा आडवा व्हायचा.

"अय, मरून राहिलास की रे!" मी ओरडायचे.

"मरू दे. दम हाय तवर पळायचं. तू गप, तुला साधी पकड येईना."

परीक्षा झाल्यावर तो घरी आला. आला म्हणायचं. जेवतो, अंघोळ करतो, हाक मारली की "हं" म्हणतो आणि भिंतीकडं तोंड करून पडतो. डॉक्टरांच्या गोळ्या चालू आहेत. निकाल लागला, पाहुणे येऊन गेले, त्याला काही विचारायचं नाही असं ठरवून सगळे त्याच्यासमोरच कुजबुजले. आमच्या घरात माणूस गेलेला नाही. तरी आम्ही सगळे पाय न वाजवता चालतो.

दुपारी आई कन्सोल चालू करून ठेवते. रिमोटला कुणी हात लावला नाही की तो गेम आपला आपण खेळत बसतो. गडी पळतात, आपटतात, न दिसणारी गर्दी ओरडते. एकदा कॉलेजातून आले तर आई टीव्हीकडं पाठ करून भाजी निवडत होती आणि मागं सामना रंगात आलेला.

"आई, हे काय लावून बसलीस गं?"

"बंद नको करू. घरात पोरं असल्यावानी वाटतंय."

त्याच दुपारी मी दादाच्या खोलीत डोकावले. तो झोपला होता. आणि चादरीवर त्याचे दोन्ही अंगठे हलत होते. तिकडं गर्दी ओरडली की इकडं अंगठे जोरात दाबायचे. हातात काही नव्हतं. माझा भाऊ अजून कुठंतरी पळत होता, एकटाच, आणि त्याचा रिमोट लातूरला होता.

दुसऱ्या दिवशी लोह्यावरून लातूरला जाणारी एसटी पकडली. होस्टेलचे रेक्टर चहा पीत होते.

"सर, माझ्या भावाचा रिमोट द्या."

"कोणता भाऊ?"

"ज्याच्या गळ्यात तुम्ही तो अडकवला होता."

"बाई, असं लई जणाच्या गळ्यात काय काय अडकवलंय. लक्षात ऱ्हातंय व्हय?" त्यांनी किल्ली टेबलावर सरकवली. "कपाटात आसंल. बघा तुमचं तुम्ही."

मी लोखंडी कपाट उघडलं. बासरी. कॅरमचा स्ट्रायकर. मधोमध पिळलेल्या रंगाच्या ट्यूबा. गोफण. माउथ ऑर्गन, त्याच्या फटीत वाळलेली बिस्किटाची भुकटी. प्रत्येक वस्तू कुणाच्या तरी हातानं झिजलेली होती आणि ते हात तिथं नव्हते. सगळ्यात खाली आमचा रिमोट. वायरीला आम्हीच गुंडाळलेली सायकलच्या ट्यूबची पट्टी होती, म्हणून ओळखला.

"ह्या बाकीच्या वस्तूंची पोरं कुठं आहेत, सर?"

"गेली आपापल्या घरी. न्यायला कोण येतंय भंगार?"

घरी येऊन मी टीव्ही आणि कन्सोल दादाच्या खोलीत नेले, तो रिमोट जोडला आणि दादाच्या हाताशी ठेवला. आता रोज संध्याकाळी दोघांचा सामना लावते. चेंडू माझ्याकडं असतो. त्याचे सात गडी रेघेवर नुसते उभे राहतात. मी पळाले तर कुणी अडवणार नाही. मी पळत नाही. चेंडू खेळायची वेळ संपल्याची शिट्टी वाजते, दंड म्हणून पंच मला मागं सारतो, पुन्हा शिट्टी. काल त्यानं रिमोट उचलला, मांडीवर घेतला आणि वायरीवरच्या त्या पट्टीवरून बोट फिरवलं. बटण दाबलं नाही. मी थांबलेय.

तुमचं पोर लातूरला असेल, किंवा राहून परत आलं असेल, तर उद्याची पहिली एसटी धरा. त्या होस्टेलवर जा. निकाल विचारू नका, फी विचारू नका, चहा घेऊ नका. कपाट उघडायला लावा. आणि आपल्या पोराचं जे असेल ते ओळखून घरी घेऊन या.