पक्ष्यावरची कात्री

कॉलेज रोडवरच्या माझ्या शिलाईच्या दुकानात ती इंडोनेशियाची विद्यार्थिनी दोनदाच आली. जीन्स आणि डोक्याला गुलाबी रुमाल. तिनं टेबलावर आईनं मेण लावून रंगवलेलं कापड उलगडलं आणि मोबाइलवर फोटो दाखवला. तिकडच्या मुली असल्या कापडाचं जॅकेट करून जीन्सवर घालत होत्या.

मी खडूनं आखलं, तर जॅकेट पुढून उघडतं ती रेघ कापडावरच्या मोठ्या पक्ष्याच्या मधोमध येत होती. कापड बेताचं, सरकवायला जागा नव्हती. मी कात्री खाली ठेवली.

"आधी आईला विचार. एकदा कापलं की झालं."

ती बराच वेळ बोटानं ती रेघ चाचपत राहिली. मग मोडक्यातोडक्या हिंदीत म्हणाली, "आई हे कमरेला गुंडाळते. मी नाही गुंडाळणार. मग काय, पेटीत ठेवू?"

मी कापायला घेतलं. पक्ष्याच्या मानेपाशी तिनं डोळे मिटले. मला मिटता येत नव्हते.

चार दिवसांनी तिनं आरशासमोर जॅकेटचे हूक लावले. पक्षी जुळला, तेव्हा कुठे माझा जीव भांड्यात पडला.

त्या संध्याकाळी मी बायकोला तिची लग्नातली पैठणी काढायला लावली. कुणी कात्री लावली नव्हती, तरी ती घडीघडीवर चिरली होती.