जगाला झोपवणारा घनश्याम

बिरसीचा घनश्याम टेंभरे सकाळीच दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून तयार झाला, तेव्हा त्याला बघायला घरात कुणी नव्हतं. बायको रुख्मा आणि सहा वर्षांची डिंपल, दोघी सालेकस्याकडच्या माहेरी जाऊन पाच महिने झाले होते. आज तो त्यांना आणायला निघाला होता. नेमकं काय बोलायचं हे त्याचं अजून ठरलं नव्हतं, पण त्या आल्या नाहीत तर या घरात आपल्याला आणखी एक दिवसही राहवणार नाही, एवढं त्याला पक्कं कळलं होतं.

बायको अशी घर सोडून का गेली, म्हणाल. त्याने मारलं नाही, दारू तर तो शिवत नाही. मग? सांगतो, पण ऐकून हसू नका. आणि हसलात तर शेवटपर्यंत ऐका.

हा घनश्याम मूळचा डीजेवाला. लग्नात त्याचे स्पीकरचे डबे सुरू झाले की म्हाताऱ्यांच्या छातीत धडधडायचं आणि पोरं बेभान नाचायची. मग लॉकडाऊन आला, लग्नं बंद पडली, डबे ताडपत्रीखाली गेले. घरात बसून बसून माणूस काय करणार? एका दुपारी नवा माइक तपासून पाहावा म्हणून त्याने तो घरापुढच्या छपरीत सुरू केला. रुख्मा तिथं तांदूळ पाखडत होती. सुपातून तांदूळ उडतात, पडतात, कोंडा बाजूला सरतो, मध्येच बोटं फिरतात. दहा मिनिटांचं ते रेकॉर्डिंग त्याने सहज यूट्यूबवर टाकलं आणि विसरून गेला. आठवड्याने पाहतो तर पोलंडमधल्या कुण्या बाईने लिहिलं होतं, चार रात्री डोळ्याला डोळा लागला नव्हता, आज तुमचं तांदूळ पाखडणं ऐकत झोपले.

पोलंड कुठं आणि बिरसी कुठं! घनश्यामने ती ओळ मोबाइलवर भाषांतर करून तीनदा वाचली. कानाला गोड लागणाऱ्या असल्या बारीक आवाजांना जगात एएसएमआर म्हणतात, लोक ते ऐकत झोपतात, आणि ते बनवणं हा एक धंदाच आहे, हे त्याला त्या दिवशी कळलं. मग काय विचारता! विडीच्या तेंदूपत्त्याची गड्डी बांधणं, पळसाच्या पानांना काड्या टोचून पत्रावळी लावणं, धानाच्या राशीतून हात फिरवणं, सगळ्यांचे व्हिडिओ झाले. चेहरा कुणाचा नाही, बोलणं नाही, नुसते हात. आणि ते हात रुख्माचे. नाव चॅनलवर घनश्यामचं, ही गोष्ट वेगळी.

पण या धंद्याला लागते शांतता, आणि बिरसीत ती आणायची कुठून? गावाशेजारी विमान चालवायला शिकवायची शाळा. शिकाऊ पोरांची ती लहान विमानं दिवसभर डोक्यावर घिरट्या घालतात. दुपारी जेवणाच्या वेळी तासभर आभाळ थांबतं, तेवढीच घनश्यामची वेळ. विमानांना तो बोलू शकत नव्हता, म्हणून उरलेल्यांना बोलू लागला. कोंबडा विकला. भिंतीवरच्या घड्याळाचा सेल काढला. खोलीच्या भिंतींना वाळल्या धानाचं तणीस भरलेली पोती लावली. मे महिन्यात पंखा बंद. दुपारी गप्पा मारायला येणाऱ्या बायांना त्यानेच हात जोडून सांगितलं, बाई, या वेळेला येत नका जाऊ. त्या आधी दुपारी यायच्या थांबल्या, मग यायच्याच थांबल्या. रुख्माचं बोलणं कमी झालं. आणि डिंपल? ती बोलायला शिकली तीच मुळी कानात. भूक लागली तरी बापाजवळ टाचा उचलून यायची आणि फुसफुसायची.

चॅनल मात्र वाढत गेला. गोंदियाच्या हॉटेलात कुणा संस्थेने त्याचा सत्कार केला, शाल दिली, ‘झोप का जादूगर’ म्हणून हिंदीत भाषण झालं. घनश्यामची छाती फुगली. घरी येऊन शाल दाखवायला तोंड उघडलं तर रुख्माने आधी माइककडे पाहिलं, सुरू आहे का म्हणून.

आणि मग ते बांगड्यांचं झालं. काचेच्या बांगड्या सुपाला लागून किणकिणायच्या. आधी त्याने तिला चिंधी गुंडाळायला लावली. मग चिंधी घासल्याचा आवाज येऊ लागला. शेवटी एक दिवस तो सरळ म्हणाला, “काढून ठेव न त्या.”

सवाष्ण बाईला असं कुणी सांगतं का हो? आमच्याकडे बांगडी फुटली तरी ‘फुटली’ म्हणत नाहीत, ‘वाढली’ म्हणतात. आणि हा पठ्ठ्या, काढ म्हणतो! अक्कल शेण खायला गेली होती त्याची. रुख्मा म्हणाली, “अजी, एक तरी राहू द्या.” घनश्याम म्हणाला, एक तर जास्तच वाजते. तिने साबण लावून बांगड्या उतरवल्या, आणि त्यांच्या जागी हळदीचा दोरा दंडाला बांधला, बाहीच्या आत, कुणाला दिसणार नाही असा. तिची न बोलण्याची सवय एव्हाना पक्की झाली होती.

तो व्हिडिओ फिरत फिरत सालेकस्याकडे, रुख्माच्या आईच्या, देवकाबाईच्या, शेजारणीच्या मोबाइलवर गेला. देवकाबाईने पाहिलं. चेहरा नाही, शब्द नाही, पण डाव्या मनगटावरचं तीन टिकल्यांचं गोंदण लेकीचंच, तिने स्वतः जत्रेत नेऊन गोंदवून आणलेलं. आणि मनगटं भुंडी. लेक तांदूळ पाखडते आहे, तोंडातून शब्द नाही, हातात बांगडी नाही. आई यातून काय समजेल? आपल्याला कळवलंदेखील नाही म्हणून ऊर बडवत ती मिळेल त्या गाडीने निघाली आणि बिरसीच्या गल्लीत शिरताच तिने गळा काढला, “अरे माह्या जवाया रेऽ! माह्या लेकीले कोनाच्या भरवशावर सोडून गेला रेऽ!”

अख्खी गल्ली बाहेर आली. दार ढकलून देवकाबाई आत शिरली. रुख्मा तांदूळ पाखडते आहे, आणि जावई हेडफोन लावून माइकसमोर बसलेले, जिवंत, धडधाकट. आणि त्यांनी काय केलं? मागे वळूनही न पाहता एक हात वर केला आणि म्हणाले, “शूऽऽ!”

आता बोला! जावई जिवंत पाहून म्हातारीचा जीव भांड्यात पडला, ती हसत होती, रडत होती, त्याच्या डोक्यावरून हात फिरवायला पुढं झाली. अजूनही सगळं सावरलं असतं. पण घनश्यामने हेडफोन काढले आणि कपाळाला आठ्या घालून सासूला म्हणाला, “मामी, तीन मिनिटं थांबल्या असत्या तं माझं पुरं झालं असतं.”

रुख्मा उठली. सूप जमिनीवर आपटलं, तांदूळ खोलीभर झाले. बांगड्या घातल्या, डिंपलचं बोट धरलं, आणि आईला घेऊन निघाली. भांडली असती तर बरं झालं असतं. भांडण मिटवता तरी येतं.

आणि एक गोष्ट सांगायची माझी जीभ रेटत नाही, पण सांगतो. त्या संध्याकाळी या माणसाने ते रेकॉर्डिंग काढलं, सासूच्या रडण्याचा भाग कापला, आधीची नऊ मिनिटं नीट साफ केली आणि टाकून दिली चॅनलवर. आजवर त्याचा सगळ्यात जास्त पाहिलेला व्हिडिओ तोच आहे.

पहिला महिना तो तोऱ्यात होता. येतील चार दिवसांनी, जातील कुठं? स्वतःच्या हातांनी त्याने तांदूळ पाखडला. लोकांनी लिहिलं, आधीचे हात कुठं गेले? दुसऱ्या महिन्यात त्याने फोन केला, रुख्माने उचलला नाही. तिसऱ्यात तो जेवण एकदाच करायला लागला. बोलायला माणूस नाही. शेजारी येत नव्हते, त्यानेच तर नको म्हटलं होतं. जगभरातून लोक लिहायचे, तुम्ही आहात म्हणून रात्र निघते. त्याला लिहावंसं वाटायचं, बापहो, माझा दिवस कसा निघतो ते विचारा. घर खायला उठत होतं. ज्या विमानांना त्याने पाच वर्षं शिव्या घातल्या, त्यांची तो वाट पाहू लागला. विमान डोक्यावरून गेलं की तेवढा वेळ बरं वाटायचं, कुणी आहे असं वाटायचं.

मग परवा दुपारी त्याने माइक सुरू करून हेडफोन लावले. कोंबडा नाही, पंखा नाही, गल्लीत चिटपाखरू नाही. आयुष्यात पहिल्यांदा खोली हवी तेवढी शांत मिळाली होती. त्याने सूप हातात घेतलं आणि खाली ठेवलं. तो खूप रडला, आणि माइक सुरूच राहिला.

म्हणून आज निघाला. गोंदियाहून गाडीने सालेकसा, तिथून ऑटो. सासुरवाडीच्या कुंपणाजवळ पोचला तर आतून हसणं ऐकू आलं. बाया अंगणात चिंच फोडत बसल्या होत्या, आणि त्यात रुख्मा हसत होती, पोट धरून, ठसका लागेपर्यंत. नऊ वर्षांच्या संसारात ही बाई एवढी हसू शकते हे त्याला ठाऊक नव्हतं. डिंपल कुठल्याशा खेळात किंचाळत होती, “मी जिंकली! मी जिंकली वोऽ!” आवाज ओळखण्यात ज्याची हयात गेली, त्याला आपल्या पोरीचा आवाज आधी ओळखू आला नाही. तो बराच वेळ बाहेर उभा राहिला. आत जावंसं वाटत होतं आणि भीतीही वाटत होती.

फाटक ढकलून तो आत गेला आणि सगळं थांबलं. हसणं थांबलं, चिंच फोडणारे दगड थांबले. देवकाबाई उठली. राग होताच, पण जावई दारात आला म्हणजे पाय धुवायला पाणी द्यायचं, ते तिने दिलं.

रुख्मा बसल्या जागेवरून म्हणाली, “कायले आले?”

“तुमाले न्यायले.”

“काऊन? सुपाले हात भेटून नाइ राहिले का?”

“माइक विकून टाकतो. आजच विकतो.”

“विकू नका,” रुख्मा म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, पण ती थांबलीही नाही. “लोकाले झोप लागते तुमच्यानं, चांगलंच आहे. पण मले नाइ झोपाचं, अजी. मले बोलाचं आहे, भांडाचं आहे, शेजारणीले हाक माराची आहे. मी इथं बोलून राहिली, मले बरं वाटून राहिलं. पोट्टीले विचारा. ते येतो म्हनन, तं मी बी येतो.”

घनश्यामच्या जिवात जीव आला. त्याने डिंपलकडे पाहून हात पुढे केला. आताच किंचाळत होती ती पोर टाचा उचलून, मातीच्या अंगणातही आवाज होऊ नये अशी चालत त्याच्यापर्यंत आली. हाताची ओंजळ करून त्याच्या कानाशी तोंड नेलं आणि फुसफुसली, “बाबा, इथं बोलू का मी?”

सगळ्या बाया बघत होत्या. घनश्यामला काय झालं ते त्याचं त्यालाच माहीत. “बोल न वो माय,” तो म्हणाला, “वरडून बोल, काइ होत नाइ.” पण पाच महिने कुणाशी न बोललेला गळा, त्यात हुंदका, शब्द बाहेर आले ते इतके बारीक की शेजारी उभ्या देवकाबाईने विचारलं, “का म्हनून राहिले, जवाई?”

डिंपललाही नुसती फुसफुस ऐकू आली; तिला वाटलं, बाबांचं काम सुरू आहे. तिने ओठांवर बोट ठेवलं, समजलं अशी मान हलवली, आणि त्याच्या बाजूला गुपचूप बसून राहिली.