न झाडलेली खोली

सालेकशापलीकडच्या तलावाकाठी शामकलाबाईचं कौलारू घर होतं. तेंदूपानाचे मुनीम, मासळीवाले, नवीन नोकरीवर आलेले, कोणीही उतरावं, वरण-भात जेवावं आणि आपल्या वाटेनं जावं. बाईचा नेम एकच. उतारू म्हणजे पाहुणा, आणि पाहुण्याला काम सांगायचं नाही. साधा तांब्या उचलायलासुद्धा.

सत्तावन्नच्या हिवाळ्यात कोपऱ्यातल्या खोलीत प्रेमिला उतरली होती. सरकारी नर्स, कोकणातली. पहिल्याच संध्याकाळी तलावाकडे बघत म्हणाली, "एवढं पाणी, आणि लाटच नाही?"

"लाट कायले पाहिजे? धानाले पाणी पुरते ना."

दोघी हसल्या होत्या. पण गावातलं एकही बाळंतपण प्रेमिलाच्या हाती आलं नाही. सगळे जुन्या सुईणीलाच बोलवत. शेवटी रजा टाकून ती निघाली, परत न येण्याचं मनाशी ठरवूनच.

इकडे शामकलाबाईची लेक नंदा पहिलटकरीण. माहेरी आलेली, पाय सुजलेले, डोळ्यांपुढे अंधारी यायची. 'बाई, माझ्या पोरीले पाहा' हे रोज शामकलाबाईच्या जिभेवर यायचं आणि तिथंच थांबायचं. प्रेमिलाची बैलबंडी दारातून निघाली, तेव्हाही तिथंच थांबलं.

तेवढ्यात चुन्नीलाल आला. मासळीच्या ठेकेदाराचा माणूस, काखेत वळकटी. "काकी, कोपऱ्याची खोली द्या. कचरा तेवढा काढून घ्या."

"आज नाही झाडत. मानूस गेल्याबरोबर घर झाडलं, का तो वापस येत नाही."

"कमाल है. ती नर्सबाई काऊन वापस येईल?"

"तू ओसरीवर झोप."

"ओसरीवर मच्छर फोडून खातेत. थांबा, तिलेच विचारतो." आणि पठ्ठ्यानं खरंच सायकल काढली.

चहा उकळेपर्यंत बंडी दारात परत. प्रेमिला पदर खोचत उतरली.

"शामकलाबाई, माझी खोली झाडू देत नाही म्हणे तुम्ही. का?"

बाईनं चौकटीला टेकलेल्या नंदाकडे पाहिलं. "तू वापस यावं म्हणून."

"मग तोंडानं सांगायचं."

"पाहुणीले काम कसं सांगू?"

प्रेमिला नंदाच्या पायांकडे बघत राहिली. "हे पाय मला रोज दिसत होते. कोणी बोलवत नाही, तर मी कशाला विचारू, म्हणून मीही अडून बसले."

मग ती आत गेली, दारामागचा झाडू घेतला आणि कोपऱ्यातली खोली झाडायला लागली. शामकलाबाईचा हात सवयीनं झाडू हिसकायला पुढे झाला. मध्येच थांबला.

"मतलब, माझी खोली गेली," चुन्नीलाल ओसरीवर वळकटी सोडत म्हणाला.

केर सुपात भरून प्रेमिला उंबऱ्याशी आली. शामकलाबाईनं तिच्या हातावर पाणी घातलं.

"आता काम सांगू?"

"सांगा."

"नंदाले आत नेते. चाल, माझ्या पोरीले पाहा."