आरोपीला काही सांगायचं आहे

"सर, हिला घ्या ना. हिची आई आमच्याकडे भांडी घासते. हिला काही शिकवावं लागणार नाही."

वर्गातला एक मुलगा हे मोठ्यानं बोलला. वर्ग भरलेला होता. लॉ कॉलेजचं माझं पहिलं वर्ष. गॅदरिंगसाठी मॉक ट्रायल बसवायचं होतं. म्हणजे कोर्टाचं नाटकच. एका मोलकरणीनं मालकिणीच्या पाटल्या चोरल्या, तिच्यावर खटला चालतो. वकील व्हायला भरपूर हात वर झाले होते. जज व्हायला त्याहून जास्त. मोलकरीण व्हायला कोणीच नाही.

सरांनी माझ्याकडे पाहिलं. केसांपासून चपलेपर्यंत.

"बरोबर आहे," ते म्हणाले. "मेकअपचाही खर्च वाचेल."

वर्ग हसला. मी खाली बघत राहिले. सरांनी माझं आडनाव विचारलं. मी सांगितलं. त्यांनी परत विचारलं. ऐकू तर पहिल्यांदाच आलं होतं. मी परत सांगितलं.

तो मुलगा धरमपेठेतल्या बंगल्यातला. वडील मोठे वकील. माझी आई त्यांच्याकडे मी शाळेत होते तेव्हापासून कामाला. कोराडीहून सकाळच्या बसनं जायची. बाबा वीज केंद्राच्या राखेच्या ट्रकवर होते. ते गेले आणि घर आईच्या हातांवर आलं. पोरीला वकील व्हायचंय, हे त्या घरी आईनंच कौतुकानं सांगितलं होतं. मालकीणबाई म्हणाल्या होत्या, अगं, नर्सिंगला घाल, लगेच नोकरी लागते.

नाटक सरांनी लिहिलं होतं. मोलकरणीचं नाव चंदा. चंदानं पिंजऱ्यात उभं राहायचं, रडायचं आणि शेवटी सरकारी वकिलाच्या पाया पडायचं. बोलायचं एकच वाक्य. "मले माफ करा सायेब." मी तालमीत ते 'मला' म्हणून बोलले, तर सरांनी थांबवलं. तुमची ती भाषा बोल, म्हणाले, लोकांना मजा येते. घरी मी मले म्हणते, कॉलेजात मला. ते मी मेहनतीनं शिकले होते. आता स्टेजवर उलटं शिकवत होते.

सरकारी वकील तोच होता.

आईला मी फक्त एवढंच सांगितलं होतं की मला स्टेजवर काम मिळालंय. ती ठेवणीतलं लुगडं नेसून आली. शेवटच्या रांगेत बसली. तिच्या मालकीणबाई पहिल्या रांगेत. मी तोंड उघडलं आणि सभागृह हसलं. मी रडले तर अजून हसलं. मी त्याच्या बुटावर डोकं टेकवलं तेव्हा तो थोडा वाकला आणि मलाच ऐकू जाईल असं म्हणाला, "नीट पड."

परतीच्या बसमध्ये कोराडी येईपर्यंत आई खिडकीतून कोळशाचे ट्रक बघत होती.

काही दिवसांनी कांदा चिरता चिरता तिनं सांगितलं, बाईनं कपाटाले कुलूप लावलं. इतक्या वर्षांत कधी नव्हतं. मी विचारलं, काही बोलल्या का. आई म्हणाली, हसून बोलल्या. म्हणाल्या, तुझ्या पोरीनं काम फार खरं केलं गं.

त्यानंतर कॉलेजात माझं नाव चंदा पडलं. कँटीनमध्ये चंदा, लायब्ररीत चंदा. मी ओ देत होते. ओ न देण्याची हिंमत नव्हती.

दुसरं वर्ष लागलं. तास संपले की मी जिल्हा कोर्टात जाऊन बसायला लागले. काळा कोट नव्हता, ओळख नव्हती. मागच्या बाकावर बसायचं आणि ऐकायचं. कोणी हाकललं नाही.

तिथं एक दिवस एक बाई उभी होती. आमच्या आईच्याच वयाची. जरीपटक्याच्या बाजारात कपड्याच्या दुकानातून माल चोरला, असा तिच्यावर आळ. साक्षीपुरावे झाले होते. आता ही रडेल, मला वाटलं. मॅजिस्ट्रेट म्हणाले, तुमच्याविरुद्ध असं असं आलेलं आहे, तुम्हाला काही सांगायचं आहे का?

बाई म्हणाली, "हो सायेब. सांगाचं हाय."

आणि ती बोलली. अडखळत, पदरानं तोंड पुसत, पण बोलली. ती बोलली ते टायपिंगवर उतरत होतं. मले, तुले, काहून, सगळ्यासकट. कोणी हसलं नाही. ती थांबली तेव्हा मॅजिस्ट्रेटनं विचारलं, अजून काही? ती म्हणाली, हाय ना. आणि परत बोलली.

तिचं पुढं काय झालं मला माहीत नाही. सुटली की नाही, तेही माहीत नाही. मला तो प्रश्न माहीत झाला. आरोपीला विचारावं लागतं. ती दया नाही, कायदा आहे. मग आमच्या नाटकात चंदाला कोणी का विचारलं नाही? सर कायदाच शिकवतात. त्यांना माहीत नव्हतं असं कसं म्हणू?

मी ते कलम शोधून वाचलं. पुन्हा पुन्हा वाचलं. इंग्रजी डोक्यात शिरेना, तर मराठीत वाचलं. मग वर्गात पहिल्यांदा हात वर केला. सरांचा प्रश्न दुसराच होता, पण उत्तर मला येत होतं. अर्ध्यात सर म्हणाले, बस, आधी भाषा सुधार. मी बसले नाही. वाक्य पूर्ण केलं, मग बसले. त्या दिवशी कँटीनमध्ये कोणी चंदा म्हणून हाक मारली तेव्हा मी वळून पाहिलं नाही.

गॅदरिंग आलं. मागच्या वर्षी लोकांना आवडलं म्हणून तेच नाटक ठरलं. यंदा निवृत्त न्यायाधीश पाहुणे. सर म्हणाले, चंदा तयार आहेच. मी हो म्हणाले.

आईला पटलं नाही.

"काहून घेतलं वं तेच काम?"

"या वेळी बोलाचं हाय मले."

ती म्हणाली, "बोलशीन तं माहं काम जाईन." पण बोलू नको, असं काही म्हणाली नाही.

स्टेजवर पाटल्या चोरीला गेल्या. साक्षी झाल्या. सभागृह हसलं. जज झालेला मुलगा निकाल वाचायला उठला.

मी पिंजऱ्यातून म्हणाले, "थांबा सायेब. आरोपीचा जबाब नाई झाला."

लोकांना नवा विनोद वाटला. हशा झाला.

"मले काही सांगाचं हाय का, हे पुसल्याबिगर तुमाले निकाल देता येत नाई."

हशा पुढच्या रांगेतून विरत गेला. जज झालेला मुलगा विंगेत सरांकडे बघायला लागला. सरकारी वकील माझ्याजवळ आला आणि दात आवळून म्हणाला, पाया पड.

"नाई पडत."

समोर माइक होता. मी सांगायला लागले. मालकीणच साक्षीत म्हणाली की कपाटाची चावी तिच्या कमरेला असते. मग कपाट उघडलं कोणी? मला चोरताना पाहिलं कोणी? मी त्या घरी भांडी घासते, याशिवाय पुरावा काय आहे? तेवढ्यात माइक बंद झाला. पडदा आला. पडद्यामागं मी बोलतच होते.

पाहुण्यांनी टाळी वाजवली नाही.

दुसऱ्या दिवशी सरांच्या केबिनमध्ये मला उभं ठेवलं. कॉलेजची इज्जत घालवलीस, माफीनामा लिही, इंटर्नलचे मार्क माझ्या हातात आहेत हे विसरू नकोस. मी विचारलं, माफीनाम्यात गुन्हा कोणता लिहू? ते म्हणाले, बाहेर हो.

दोन-चार दिवस काहीच झालं नाही. आई कामावर जात होती. बाई तिच्याशी गोड बोलत होत्या. मला त्या गोडपणाचीच भीती वाटत होती.

मग तो मला पार्किंगमध्ये भेटला. आवाज खाली, मित्रासारखा.

"आईची अंगठी सापडत नाहीये. बाबा म्हणतात, पोलिसात द्यावं. मी थांबवलंय त्यांना. तू सरांना लिहून दे. मग बघू."

मला सगळं समजलं. खोटं कशाला सांगू, त्या क्षणी मी मनात माफीनाम्याची पहिली ओळ जुळवत होते. नाटकातून मी बाहेर पडले होते आणि त्यांनी आईला पिंजऱ्यात उभं केलं होतं.

घरी येऊन आईला सगळं सांगितलं. माफीनामा लिहून देते, म्हणाले. तिनं गॅस बंद केला.

"अंगठी मी नाई घेतली."

"मले माहीत हाय."

"माहीत हाय तं मंग कायले लिवून देतं?" ती माझ्याकडे बघत म्हणाली. "येऊ दे पोलिसाले. पुसतीन तं सांगीन. मलेबी तोंड हाय."

दुसऱ्या दिवशी ती धरमपेठेला गेली नाही. मी कॉलेजात गेले. तो मित्रांसोबत उभा होता. मी सगळ्यांसमोर सांगितलं, अंगठीची तक्रार द्या, आजच द्या, आणि मला पार्किंगमध्ये काय सांगितलंत तेही त्यात लिहा. त्याचा चेहरा उतरला. मित्र त्याच्याकडे बघायला लागले. मग मी सरांकडे गेले. माफीनामा लिहिणार नाही, म्हणाले. सर वर न बघता म्हणाले, तुझं वर्ष गेलं असं समज.

अजून कोणी आलेलं नाही. आमच्या गल्लीत गाडी थांबली की आईचा हात थांबतो. माझाही. इंटर्नलमध्ये ते काय करतील, ठाण्यात कोणाच्या ओळखी निघतील, माहीत नाही. ओळखी त्यांच्या आहेत. कायदा कोणाचा आहे, ते आता बघायचं आहे.

मी परीक्षेला बसणार. नापास केलं तर पेपर पुन्हा तपासायला लावणार. परत नापास केलं तर परत बसणार. आईला ठाण्यात बोलावलं तर मी तिच्यासोबत जाणार आणि ती जे बोलेल ते तसंच्या तसं लिहून घ्यायला लावणार. तिच्या भाषेत. पाया पडणं आमच्याकडून आता होणार नाही.

त्यांनी यावं. आम्ही घरीच आहोत.